आसवाची वाट

अंकाचा विषय ‘वाटा’ असल्याचं कळवताना संपादकांनी विचारलं, चंद्रपूर-गडचिरोलीच्या जंगलातली एखादी वाट घेता येईल का? वाघाच्या वाटेवर पुष्कळांनी लिहिलं आहे आणि नक्षलवाद्यांच्या वाटेवर त्याहून जास्त. मी औषधाच्या बाटलीची वाट घेतली. ती नागपूरच्या गांधीबागेतल्या घाऊक औषध बाजारातून निघते, उमरेड, भिवापूर, नागभीड, ब्रह्मपुरी मागे टाकते आणि वैनगंगेचा पूल ओलांडून आरमोरीत उतरते. तिथून पुढे वडसा, कुरखेडा, कोरची, धानोरा. बाटलीत असतं दशमूलारिष्ट, नाहीतर कुमारीआसव, नाहीतर अशोकारिष्ट. बाळंतिणीला द्यायचं, भूक लागत नाही म्हणून द्यायचं, अंगावरून जातं म्हणून द्यायचं.

या वाटेची गोष्ट सांगण्याजोगी आहे, कारण पूल ओलांडला की बाटली दारूबंदीच्या जिल्ह्यात शिरते. आणि ज्या कायद्यानं ही बंदी चालते, त्या महाराष्ट्र दारूबंदी कायद्यात ‘दारू’ या शब्दाची व्याख्या फार पसरट आहे. देशी, विदेशी, बिअर, ताडी हे तर आलंच. शिवाय ज्यात मद्यार्क आहे असा कुठलाही द्रव पदार्थ तिच्यात बसतो. दशमूलारिष्टात मद्यार्क असतो. लेबलवरच छापलेलं असतं.

पुलाच्या दोन बाजू

गडचिरोली जिल्हा २६ ऑगस्ट १९८२ रोजी चंद्रपुरातून वेगळा झाला. त्याचा सुमारे तीन चतुर्थांश भाग जंगलाखाली आहे. इथली दारूबंदी वरून लादलेली नव्हती. डॉ. अभय बंग आणि डॉ. राणी बंग यांनी १९८६ मध्ये ‘सर्च’ संस्थेचं काम इथं सुरू केलं. गावोगावच्या बायकांच्या बोलण्यात आजारांच्या बरोबरीनं दारूच यायची. त्यातून दारूमुक्तीची चळवळ उभी राहिली आणि १९९३ मध्ये जिल्ह्यात दारूबंदी लागू झाली. पुढे २०१६ पासून ‘मुक्तिपथ’ हा उपक्रम गावपातळीवरच्या समित्यांना धरून चालतो आहे.

चंद्रपूरच्या बायकांना हे मिळवायला जास्त वर्षं लागली. डिसेंबर २०१० मध्ये श्रमिक एल्गार ही संघटना आणि तिच्या पारोमिता गोस्वामी यांच्यासोबत त्या चिमूरहून नागपूरच्या विधानभवनापर्यंत पायी चालत गेल्या. अखेर १ एप्रिल २०१५ ला जिल्ह्यात बंदी आली, आणि २७ मे २०२१ च्या मंत्रिमंडळ बैठकीत ती उठवली गेली. मधल्या सहा वर्षांत वणी, नागपूर आणि तेलंगण या बाजूंनी दारू आत येत राहिली. नोव्हेंबर २०१८ मध्ये नागभीड भागात दारूची गाडी अडवायला गेलेले पोलीस उपनिरीक्षक छत्रपती चिडे त्या गाडीखाली चिरडले गेले. या रस्त्यांवरच्या नाक्यावर उभा असलेला शिपाई प्रत्येक खोक्याकडे संशयानं का बघतो, हे त्या घटनेवरून समजून घ्यावं. त्याला हसू नये.

आज बंदीची हद्द पुन्हा वैनगंगेवर आली आहे. ब्रह्मपुरीत दुकान उघडं, आरमोरीत गुन्हा. सावलीकडून व्याहाडमार्गे गडचिरोलीला जाताना तीच नदी, तीच हद्द. गोंडपिपरीकडून आष्टीला जातानाही तेच. दक्षिणेला सिरोंचापाशी प्राणहिता आणि गोदावरीपलीकडे तेलंगण, पूर्वेला कोरची-धानोऱ्यापलीकडे छत्तीसगड. तिथं आदिवासी कुटुंबाला घरच्या वापरापुरती मोहाची दारू गाळायची मुभा आहे. तीन बाजूंनी मोकळीक आणि मधे बंदी, अशा जिल्ह्यात मद्यार्क असलेलं औषध रोज येतं, आणि रोज यायलाच हवं.

येतं कसं? बहुतेक वेळा गुपचूप काहीच नसतं. खोक्यात घाऊक व्यापाऱ्याचं बिल असतं. बिलावर औषधाचं नाव, बॅच नंबर, बनवणाऱ्या कंपनीचा परवाना क्रमांक, जीएसटी. राज्यांतर्गत मालाला एक लाख रुपयांच्या वर ई-वे बिल लागतं. खेड्यातल्या दुकानदाराची मागणी तेवढी नसते, म्हणून त्याच्या खोक्यासोबत साधं बिलच असतं. माल ट्रान्सपोर्टच्या टेम्पोतून, एसटीच्या पार्सलनं किंवा दुकानदाराच्या मोटारसायकलला बांधून येतो. नाक्यावर अडवलं की बिल दाखवायचं. बिल असलं की प्रश्न मिटतो. नसलं, पावसात भिजलं, किंवा शेजाऱ्यानं सांगितलं म्हणून आणखी दोन बाटल्या पिशवीत टाकल्या असल्या, की बाटली उघडून वास घेतला जातो. वास तर येणारच.

मडक्यात काय होतं

आसव आणि अरिष्ट यांत फरक एवढाच, की अरिष्टात वनस्पतींचा काढा उकळून घेतात आणि आसवात न उकळता घेतात. पुढची क्रिया एकच. काढ्यात किंवा पाण्यात गूळ, कुठे मध, कुठे मनुका घालायच्या, वर सुगंधी द्रव्यांची भरड टाकायची आणि धायटीची फुलं सोडून तोंड बांधायचं. शार्ङ्गधर संहितेत तर ज्या पाठात मापं दिलेली नाहीत त्यांच्यासाठीही ठोकताळा आहे: एक द्रोण द्रवाला एक तुळा गूळ, गुळाच्या निम्मा मध, दहावा हिस्सा प्रक्षेप, म्हणजे वर टाकायची भरड.

धायटी म्हणजे लाल नळीदार फुलांचं झुडूप, इथल्या जंगलात उन्हाळ्याच्या तोंडाशी पेटल्यासारखं दिसतं. तिच्या फुलांवर यीस्ट वस्तीला असतं. ते गुळातली साखर खातं, मद्यार्क आणि कार्बन डायऑक्साइड सोडतं. मडक्याला कान लावला तर खदखद ऐकू येते. पंधरवडा ते महिनाभरात, हवेच्या उबेप्रमाणे, ती थांबते. पेटती काडी तोंडाशी धरली की विझते तोवर वायू निघतो आहे. काडी जळत राहिली की संधान, म्हणजे आंबण्याची क्रिया, पुरी झाली. चुन्याच्या निवळीवरही तीच परीक्षा करतात. मोठ्या कारखान्यांत मडक्याच्या जागी लाकडी किंवा स्टीलच्या टाक्या आल्या, कान लावायच्या जागी मोजमापं आली, पण काम करणारे जीव तेच आहेत.

या क्रियेत मद्यार्क कुणी बाहेरून ओतत नाही, तो आतल्या आत होतो. त्याची दोन कामं असतात. पाण्यात न उतरणारे घटक त्यात उतरतात, आणि औषध वर्षानुवर्षं टिकतं. जंगलातल्या गावाला हे दुसरं काम फार मोलाचं. काढा दोन दिवसांत नासतो. चूर्णाला पावसाळ्यात बुरशी येते. आसव मात्र फळीवर पडून राहिलं तरी चालतं. जिथं फ्रिज नाही, वीज जाते आणि पावसाळ्यात नाल्यांना पूर येऊन रस्ता तुटतो, तिथं आसवाची बाटली हा औषधाचा साठाच असतो.

आता प्रमाण बघू. बाजारातल्या बहुतेक आसव-अरिष्टांच्या लेबलवर ‘सेल्फ जनरेटेड अल्कोहोल ५ ते १० टक्के’ असं लिहिलेलं असतं. ८ टक्के धरले तर ४५० मिलिलिटरच्या अख्ख्या बाटलीत ३६ मिलिलिटर मद्यार्क झाला. व्हिस्कीच्या १८० मिलिलिटरच्या पव्व्यात तो सुमारे ७७ मिलिलिटर असतो. म्हणजे कुणी अख्खी बाटली घशाखाली घातली, तरी अर्ध्या पव्व्याचीही नशा होत नाही, आणि तोंडात कडू-तुरट गुळाचा चिकटा राहतो तो वेगळाच. औषधाचा डोस १५ ते ३० मिलिलिटर, तोही बरोबरीचं पाणी घालून. बाळंतिणीच्या पोटात एका वेळी दोन-अडीच मिलिलिटरच्या वर मद्यार्क जात नाही. हिशेब इतका सरळ असता तर हा लेख इथंच संपला असता.

दोन पारशी गृहस्थ

दारूबंदी कायदा १९४९ मध्ये मुंबई प्रांतात झाला, तेव्हा त्यानं औषधंसुद्धा कवेत घेतली होती. कलम १२ खाली दारू तयार करणं, आणणं, नेणं, बाळगणं, विकणं, विकत घेणं हे सगळं बंद. कलम १३ खाली पिणं बंद. मद्यार्क असलेला प्रत्येक द्रव म्हणजे दारू, म्हणून खोकल्याचं औषध आणि यूडीकोलनही त्यातच.

फ्राम नसरवानजी बालसरा यांनी या कायद्याला उच्च न्यायालयात आव्हान दिलं आणि प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं. २५ मे १९५१ चा तो निकाल आजही प्रत्येक दारूबंदी खटल्यात उद्धृत होतो. न्यायालयानं बंदीचा बहुतांश कायदा उचलून धरला, पण मद्यार्क असलेली औषधं आणि प्रसाधनं बाळगण्यावर, विकण्या-घेण्यावर आणि वापरण्यावर आणलेली बंदी अवाजवी ठरवून रद्द केली. गोंडपिपरीहून आष्टीला आज जी बाटली कायद्यानं जाते, तिच्या वाटेवरचा पहिला दगड त्या निकालानं हलवला.

गंमत अशी, की त्यानंतर चारच दिवसांनी, २९ मे १९५१ च्या रात्री, मुंबईत बेहराम खुरशेद पेसिकाका यांच्या जीपनं काही पादचाऱ्यांना धडक दिली. ते तेव्हा प्रादेशिक परिवहन अधिकाऱ्याचं काम बघत होते. त्यांच्या तोंडाला दारूचा वास येत होता. आपण बी. जी. फॉस नावाचं टॉनिक घेतलं होतं आणि त्यात मद्यार्क असतो, असं त्यांचं म्हणणं. उच्च न्यायालयानं त्यांना दोषी धरलं. सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठानं १९५४ मध्ये सोडलं. बालसरा निकालानंतर औषध पिणं हा गुन्हाच उरलेला नाही, तेव्हा आरोपी जे प्यायला ते औषध नव्हतं हे सरकारनं सिद्ध करायला हवं, असा त्याचा मथितार्थ.

सरकारनं दोन्ही निकालांना कायद्यातच उत्तर दिलं. १९५२ च्या दुरुस्तीत कलम २४-अ आलं: नशेचं पेय म्हणून वापरायला ‘अयोग्य’ असलेली औषधं, प्रसाधनं, जंतुनाशकं आणि खाद्यपदार्थांतले अर्क बंदीच्या बाहेर. कलम ५९-अ मध्ये त्याची अट आली: औषधात मद्यार्क जरुरीपुरताच हवा, आणि आंबवण्यातून आपोआप तयार होत असेल तर आकारमानानं १२ टक्क्यांच्या वर नको. एखादं औषध पिण्यायोग्य आहे की नाही, यावर सल्ला द्यायला तज्ज्ञ मंडळाची तरतूद कलम ६-अ मध्ये झाली. आणि पेसिकाका निकालाला उत्तर म्हणून कलम ६६ मध्ये भर पडली: रक्तात ०.०५ टक्के किंवा जास्त मद्यार्क सापडला, तर आपण औषधच घेतलं होतं हे आरोपीनं सिद्ध करायचं.

ही शेवटची तरतूद आरमोरीच्या शेतमजुरापर्यंत पोचते तेव्हा तिचं वजन बदलतं. मुंबईतला अधिकारी वकिलाकरवी टॉनिकचं नाव सांगू शकत होता. ज्यानं वैदूकडून मडक्यातलं आसव वाटीत घेतलं, त्यानं काय दाखवायचं?

बारा टक्क्यांची रेघ

बाराचा आकडा दोन कायद्यांत आहे. दारूबंदी कायद्यात आहे, आणि केंद्राच्या औषध व सौंदर्यप्रसाधन नियमांतही आसव-अरिष्टांसाठी आहे. तो हवेतून आलेला नाही. यीस्ट स्वतःच तयार केलेल्या मद्यार्कात गुदमरतं. साधारण बारा ते पंधरा टक्क्यांच्या आसपास त्याचं काम थंडावतं. तेव्हा एखाद्या ‘आसवात’ वीस-पंचवीस टक्के निघाले, तर कुणीतरी वरून स्पिरिट ओतलं आहे हे उघड होतं. बारा टक्क्यांची रेघ म्हणूनच मला शहाणपणाची वाटते. ती निसर्गाच्या मर्यादेला धरून आखलेली आहे, आणि लबाडी पकडायलाही तीच कामी येते.

काही औषधांना बाटलीच्या आकाराचा लगाम आहे. मृतसंजीवनी सुरा आंबवून मग गाळलेली असते, म्हणून तिची बाटली ३० मिलिलिटरहून मोठी चालत नाही. महाद्राक्षासवाला १२० मिलिलिटर. कर्पूरासव आणि अहिफेनासव १५ मिलिलिटर. होमिओपॅथीत तर १२ टक्क्यांहून जास्त मद्यार्क असलेलं औषध किरकोळ विक्रीत ३० मिलिलिटरच्या वरच्या बाटलीत विकता येत नाही. इस्पितळांना १०० मिलिलिटरपर्यंत. माणूस एका घोटात किती पिऊ शकेल, याचा विचार या नियमांमागे आहे.

जुन्या काळी दोन केंद्रीय कायदे वाहतुकीवरही बोलत. १९५५ मध्ये एका कायद्यानं मद्यार्कयुक्त औषधांच्या आंतरराज्यीय व्यापारावर निर्बंध घालायची सोय केली. बंदी असलेल्या राज्यांत बाहेरून येणारी ‘औषधं’ हे त्यामागचं कारण. त्याच वर्षी त्यांच्यावरच्या उत्पादन शुल्काचा कायदा झाला. त्यातली एक विभागणी अजूनही विचार करायला लावते: साधी दारू म्हणून पिता येईल अशी औषधं एका बाजूला, न पिता येणारी दुसऱ्या बाजूला. शुल्काचा हा कायदा २०१७ मध्ये जीएसटी आला तेव्हा गेला. त्याच्याबरोबर कारखान्यातून निघणाऱ्या मालावरची उत्पादन शुल्क खात्याची नजरही सैल झाली. आता खोक्यासोबत करबिल चालतं. दारूच्या दृष्टीनं बघणारं कागदपत्र वाटेत जवळजवळ उरलेलं नाही.

आणखी एक गोष्ट शहरी वाचकाला ठाऊक नसते. अॅलोपॅथीचं औषध विकायला परवाना लागतो, फार्मासिस्ट लागतो. आयुर्वेदिक औषध बनवायला परवाना लागतो, विकायला लागत नाही. किराणा दुकानात मिठाच्या पुड्याशेजारी द्राक्षासव ठेवलं तर बेकायदा काही नाही. म्हणून गडचिरोलीच्या आतल्या गावांत औषध पोचतं. मेडिकल स्टोअर तीस-चाळीस किलोमीटरवर असलं तरी बाळंतिणीला दशमूलारिष्ट गावात मिळतं. आणि म्हणूनच त्याच दुकानातून ते भलत्या माणसाच्याही हाती जाऊ शकतं. कायदा इथं दुकानदाराच्या डोळ्यांवर भिस्त ठेवतो: नशेसाठी घेतो आहे हे जाणून विकलं, किंवा परिस्थितीवरून तसा अंदाज यायला हवा होता तरी विकलं, तर गुन्हा त्याचा.

खेड्यातले दुकानदार हे काम करतात, याची मला खात्री पटली ती त्यांच्या फळ्या पाहून. बाटल्या गिऱ्हाइकाच्या हाताला लागणार नाहीत अशा वरच्या फळीवर, तोंडं आत करून. कोण कोणाची सून, कुणाच्या घरी बाळंतपण झालं, कोण रोज दुपारी चौकात बसतो, हे त्यांना ठाऊक असतं. “तुह्या घरी कोन बाळंतीन हाय?” एवढा प्रश्न पुरतो.

जिथं रेघ पुसली गेली

बाटलीला भिणाऱ्यांची भीती खोटी नाही, हे सांगायला दूर जावं लागत नाही. एप्रिल २०२१ मध्ये, टाळेबंदीत दुकानं बंद असताना, चंद्रपूरला लागून असलेल्या यवतमाळ जिल्ह्यातल्या वणीत सात जण सॅनिटायझर पिऊन मेले. पुढच्याच महिन्यात छत्तीसगडात बिलासपूरजवळ होमिओपॅथीचं, ९१ टक्के मद्यार्क असलेलं औषध नशेसाठी पिऊन एकाच कुटुंबातले अनेक जण दगावले. आणि नोव्हेंबर २०२३ च्या अखेरीस गुजरातच्या खेडा जिल्ह्यात ‘काळमेघासव’ असं लेबल लावलेल्या बाटल्यांनी किमान पाच बळी घेतले. त्यांतल्या द्रवात मिथेनॉल होतं. गुजरातमध्येही मूळ १९४९ चाच कायदा चालतो.

खेडा जिल्ह्यातल्या या प्रकरणाकडे नीट पाहावं. तिथं आसव दोषी नव्हतं, कारण बाटलीत आसव नव्हतंच. काळमेघाचं नाव, आयुर्वेदाचं लेबल, आणि आत विषारी स्पिरिट. बंदीच्या प्रदेशात लेबल हेच मोकळ्या वाटेचं पारपत्र होतं आणि ज्याला पैसा करायचा आहे तो लेबलच आधी छापून घेतो. दारूबंदी हवी म्हणून पायी चाललेल्या बायकांनी औषधाच्या बाटलीवर संशय घेतला, तर तो संशय मला रास्त वाटतो. त्यांनीच आपली माणसं गमावली आहेत.

मग शहानिशा करायची कुणी? नाक्यावर पोलीस असतात, छापा राज्य उत्पादन शुल्क खातं घालतं, आणि आयुर्वेदिक औषधांचे परवाने व तपासणी अन्न व औषध प्रशासनाकडे असते. नमुना सीलबंद होऊन नागपूरच्या प्रादेशिक न्यायसहायक प्रयोगशाळेकडे जातो. तिथं द्रव गाळून त्यातला मद्यार्क वेगळा करतात, घनतेवरून टक्केवारी काढतात, मिथेनॉल आहे का बघतात. अहवाल येतो: एथिल अल्कोहोल इतके टक्के. पण कलम २४-अ चा प्रश्न एकट्या टक्क्यांचा नाही. हे पिण्यायोग्य आहे का, हा तो प्रश्न आहे; त्याला आसवातली कडू द्रव्यं, साखर, गाळलेलं आहे की नुसतं आंबवलेलं, हे सगळं बघावं लागतं. मद्यार्काची टक्केवारी एवढंच लिहिलेला अहवाल न्यायालयात गेला, की औषध आणि हातभट्टीची दारू कागदावर सारखीच दिसतात. अहवाल येईपर्यंत मोटारसायकल ठाण्याच्या आवारात उभी राहते, कारण दारूच्या गुन्ह्यात वाहनही जप्त होतं. मोठ्या कंपनीचा वितरक याला पुरून उरतो. एका मोटारसायकलीवर पोट असलेला माणूस उरत नाही.

वैदूचं मडकं

कोरची-कुरखेड्याच्या पट्ट्यात फिरताना परवान्याच्या बाटल्यांइतकीच बिनलेबलाची आसवं दिसतात. काचेच्या जुन्या बाटलीत, फडक्याचं बूच लावलेली. वैदूनं स्वतः जंगलातून आणलेल्या साली-मुळांचा काढा, गूळ, धायटी, कधी धायटीच्या जोडीला मोहाची फुलं. मोहाचं आसव शास्त्रातही आहे. मधूकासव त्याचं नाव.

या मडक्याला कायद्यात जागा आहे, आणि हे फार थोड्यांना माहीत आहे. औषध व सौंदर्यप्रसाधन कायद्याच्या कलम ३३-ईईसी मध्ये परवान्याशिवाय औषध बनवायला बंदी घालताना एक सूट दिली आहे: वैद्य आणि हकीम यांनी आपल्या स्वतःच्या रोग्यांसाठी बनवलेल्या औषधाला ती बंदी लागू नाही. पण या सुटीच्या दोन अडचणी आहेत. ‘वैद्य’ म्हणजे कोण? पदवी नसलेला, आजोबांकडून शिकलेला वैदू त्यात येतो की नाही, हे जो तो अधिकारी आपल्या परीनं ठरवतो. आणि दुसरी, ही सूट औषधाच्या कायद्यात आहे. दारूबंदीच्या कायद्यात मडक्यातल्या आसवाला कलम ५९-अ ची बारा टक्क्यांची अट पाळावी लागते, आणि ती पाळली हे सांगायला वैदूकडे मापाचं कुठलंच साधन नाही. त्याची परीक्षा जळत्या काडीची.

परिणाम असा दिसतो, की वैदूचं औषध घरात राहतं, रस्त्यावर येत नाही. नदीपलीकडून आलेल्या रोग्याला तो हल्ली बाटली देत नाही, सुकी मुळं देतो आणि काढा घरी कर म्हणतो. रोगी चुलीवर काढा करतो, दोन दिवस घेतो, तिसऱ्या दिवशी तो आंबट होतो आणि औषध थांबतं. जे औषध टिकावं म्हणून शेकडो वर्षांपूर्वी कुणीतरी मडक्याचं तोंड बांधलं, ते वाहतुकीच्या भीतीनं पुन्हा दोन दिवसांचं झालं.

मला दारूबंदी हवी आहे, आणि वैदूचं मडकंही हवं आहे. हे दोन्ही एकत्र बसत नाही असं मानणारे दोन्हीकडे भेटतात. एक म्हणतात, सूट दिली की हातभट्टीवाले उद्या सगळे वैदू होतील. दुसरे म्हणतात, बंदी म्हणजे आदिवासींच्या परंपरेवर घाला. पण गावात कोण वैदू आणि कोण भट्टीवाला, हे गावाला विचारलं तर क्षणात कळतं. एवढंच, की गावाला कुणी विचारत नाही.

गावाच्या हातातला परवाना

विचारायची सोय मात्र कायद्यातच आहे. १९९६ च्या पेसा कायद्यानं अनुसूचित क्षेत्रातल्या ग्रामसभांना दोन अधिकार दिले: गौण वनउपजाची मालकी, आणि मादक पदार्थांवर बंदी किंवा नियंत्रण. धायटी आणि मोह पहिल्यात येतात, दारू दुसऱ्यात. दोन्ही एकाच सभेच्या हाती.

पहिल्या अधिकाराचा वापर करून दाखवला तो धानोरा तालुक्यातल्या मेंढा (लेखा) गावानं. ग्रामसभेचे नेते देवाजी तोफा यांच्या या गावाला २००९ मध्ये सामूहिक वनहक्क मिळाला, पण बांबू बाहेर न्यायचा परवाना वनखातं सोडत नव्हतं. एप्रिल २०११ मध्ये तत्कालीन केंद्रीय मंत्री जयराम रमेश गावात आले आणि वाहतूक परवान्याचं पुस्तक ग्रामसभेच्या हाती आलं. तेव्हापासून बांबूच्या ट्रकवरची सही गावाची. मोहफुलांनाही असंच मोकळं व्हायला वेळ लागला; पाटीभर फुलं घरात ठेवणाऱ्या बाईला भट्टीवाली समजलं जायचं. राज्य सरकारनं २०२१ मध्ये मोहफुलांचं संकलन, साठवण आणि वाहतूक यांवरचे निर्बंध काढले. बंदी असलेल्या जिल्ह्यात फूल मोकळं झालं म्हणून आकाश कोसळलं नाही. बायका आता मोहाचे लाडू विकतात.

धायटीची फुलं आजही व्यापाऱ्यांमार्फत जिल्ह्याबाहेर जातात, कारखान्यांच्या टाक्यांत पडतात आणि आसव होऊन पूल ओलांडून परत येतात, तेव्हा किंमत कितीतरी वाढलेली असते. ते आसव इथंच व्हावं असं मला वाटतं. त्यासाठी परवाना, औषध नियमांतल्या शेड्यूल-टी प्रमाणे जागा, मद्यार्क मोजायची साधी प्रयोगशाळा एवढं लागेल, आणि ग्रामसभांच्या एखाद्या महासंघाला ते झेपण्याजोगं आहे. पण त्याला वर्षं लागतील. वैदूचा प्रश्न त्याआधी, या हिवाळ्यातल्या एखाद्या ग्रामसभेत सुटू शकतो. ज्या गावात मुक्तिपथची समिती आहे तिथल्या बायकांनीच तो ठराव मांडावा, म्हणजे त्याच्याकडे कुणी पळवाट म्हणून बघणार नाही. ठराव अर्ध्या पानाचा होईल: गावातले वैदू कोण, त्यांच्याकडे मडकी किती, वर्षाकाठी आसव किती लिटर होतं, कुठल्या रोगाला दिलं जातं, एका रोग्याला किती मिलिलिटर नेता येईल, आणि वर्षातून एकदा कुठल्या मडक्याचा नमुना नागपूरला पाठवायचा. एक प्रत ठाण्यात, एक राज्य उत्पादन शुल्कच्या अधीक्षकांकडे, एक अन्न व औषध प्रशासनात, आणि एक वैदूच्या झोळीत, नाक्यावर दाखवायला.